कल्पित जगाचं पंचांग कसं मांडावं

कल्पित राज्य उभं करायला घेतलं की आपण आधी नकाशा काढतो, मग राजघराणी, मग देवदेवता. पंचांगाची पाळी शेवटी येते आणि तिथं आपण बारा महिन्यांना बारा गूढ नावं देऊन मोकळे होतो. तीन प्रकरणांनंतर वाचकाला त्यातलं एकही नाव आठवत नाही, कारण त्या नावांवाचून गोष्टीत कुणाचंच काही अडत नाही.

बेळगाव, खानापूर, निपाणी या पट्ट्यात वाढलेल्या माणसानं ही चूक करण्याचं काही कारण नाही. आमच्या घरांत एका वेळी चार मोजण्या चालू असतात. पगार आणि शाळा इंग्रजी तारखेवर, सण तिथीवर, पेरणी नक्षत्रावर आणि बाजार वारावर. आमच्या भिंतीवर मराठी दिनदर्शिका, शेजारच्या भिंतीवर कन्नड. दोन्हींचा शक एकच, महिनेही अमावास्येलाच संपणारे, म्हणून गुढीपाडवा आणि युगादी एकाच सकाळी येतात. बैलांचा सण मात्र वेगळा. कर्नाटकी बेंदूर ज्येष्ठ पौर्णिमेला, महाराष्ट्रीय बेंदूर आषाढात, आणि वर विदर्भाकडे पोळा श्रावणी अमावास्येला. बैल तेच, मान तोच, तारखा तीन. म्हणून या लेखातली सगळी कृती एका गोष्टीवर उभी आहे: आपल्या जगात किमान दोन मोजण्या ठेवा आणि त्या एकमेकींशी पूर्ण जुळू देऊ नका.

कृती समजावी म्हणून मी एक जग सोबत घेतो. डोंगरउताराचं, भरपूर पावसाचं रानवळ आणि त्याच्या पूर्वेला कोरडमाळ. कोरडमाळाची राजधानी माथेगड, आणि रानवळही सध्या तिच्याच ताब्यात. भूगोल कुठून उचलला हे इकडच्या वाचकाला सांगायला नको. खानापूरच्या पश्चिमेला धो धो पाऊस आणि भात, अथणीकडे पावसाची वाट बघणारं रान, आणि जिल्हा एकच.

पहिली पायरी: तारीख कुणाला हवी आहे?

आकडे मांडण्याआधी एका कागदावर लिहून काढा की तुमच्या जगात तारखेवाचून कुणाचं अडतं. शेतकऱ्याला पेरायचं कधी हे हवं. पुजाऱ्याला उत्सव हवा. व्यापाऱ्याला बाजाराचा दिवस आणि व्याजाची मुदत. राज्याला वसुली. दर्यावर्दीला भरती-ओहोटी. रात्री घाट चढणाऱ्याला चांदणं. यांतल्या प्रत्येकाला आकाशातली वेगळी गोष्ट लागते आणि त्यामुळे वेगळी मोजणी लागते.

आपल्याकडे हे अगदी स्वच्छ दिसतं. चांद्र महिन्यावर पेरणी करायला गेलं तर दरवर्षी तारीख हलते, म्हणून शेतकरी पावसासाठी सूर्यनक्षत्र धरतो. सूर्य एका नक्षत्रात साडेतेरा दिवस असतो आणि मिरग दरवर्षी ७-८ जूनलाच निघतो, मग त्या दिवशी तिथी कोणतीही असो. खानापुराकडे धूळवाफ पेरणी, म्हणजे पावसाआधी कोरड्या मातीत केलेली पेरणी, त्याच्या अलीकडेच उरकायची असते. पुढं आर्द्रा, मग पुनर्वसूचा तरणा पाऊस, पुष्याचा म्हातारा, आणि शेवटी 'पडतील स्वाती तर पिकतील मोती'. हाच शेतकरी श्रावण पाळताना मात्र चंद्राकडे बघतो. त्याला यात काही विसंगत वाटत नाही. तुमच्या पात्रांनाही वाटू नये.

दुसरी पायरी: आकाशाचे दोन आकडे

आता गणित. घाबरू नका, भागाकार आला म्हणजे पुरे. दोन आकडे ठरवायचे: सूर्यवर्ष किती दिवसांचं आणि अमावास्येपासून अमावास्येपर्यंत किती दिवस. आपल्या पृथ्वीवर ऋतूंचं वर्ष ३६५.२४२२ दिवसांचं आणि चांद्रमास २९.५३०६ दिवसांचा. बारा चांद्रमासांचे ३५४.३७ दिवस होतात, म्हणजे दरवर्षी जवळपास ११ दिवस कमी पडतात. ही तूट भरायला सरासरी साडेबत्तीस महिन्यांनी अधिक महिना येतो. १९ वर्षांत ७ अधिक महिने धरले की सूर्य आणि चंद्र जवळजवळ पुन्हा एका जागी येतात.

आकडे निवडताना एकच पथ्य: ते एकमेकांना पूर्ण भागू देऊ नका. ३६० दिवसांचं वर्ष आणि ३० दिवसांचा महिना दिसायला देखणा, पण त्यातून काहीच निघत नाही. तिथं अधिक महिना नाही, पंचांगकर्त्याची गरज नाही, वाद नाहीत.

दुसरा चंद्र आणायचा मोह बहुतेकांना होतो. माझं मत: पहिल्या पंचांगात एकच चंद्र ठेवा. एका चंद्राची बाकी पचवताच नाकी नऊ येतात. दुसरा आणला तर तो लोकांच्या रोजच्या व्यवहारातून गायब होऊन फक्त वर्णनात उरतो.

रानवळ-कोरडमाळासाठी मी घेतलेले आकडे असे: सूर्यवर्ष ३९१.२५ दिवस, चांद्रमास २८.४ दिवस. महिना २८ किंवा २९ दिवसांचा. दर पाच महिन्यांत तीन २८ चे आणि दोन २९ चे, म्हणजे १४२ दिवस, आणि २८.४ ची पाचपटही नेमकी १४२.

तिसरी पायरी: बाकीचं काय करायचं?

सगळ्या पंचांगाचा जीव इथं आहे, म्हणून इथं घाई करू नका.

३९१.२५ ला २८.४ ने भागा. उत्तर १३.७८ च्या आसपास येतं. तेरा महिने घेतले तर २२ दिवस कमी पडतात, चौदा घेतले तर ६.३५ दिवस जास्त होतात. चौदा जवळचं, म्हणून रानवळचं साधं वर्ष चौदा महिन्यांचं, ३९७-९८ दिवसांचं. आता दरवर्षी सव्वासहा दिवसांहून थोडं जास्त पुढं जाणारं हे वर्ष मागं खेचायचं कसं? एक महिना गाळून. चार वर्षांत २५.४ दिवस साचतात, पाचव्यात ३१.७५ होतात. पाचव्या वर्षी एक महिना गाळला की ३.३५ उरतात. पुढची चार वर्षं त्यात २५.४ ची भर घालतात, म्हणजे २८.७५. नवव्या वर्षी पुन्हा एक महिना गाळा, उरले फक्त ०.३५. नऊ वर्षांत १२४ महिने, आणि सूर्य-चंद्र साडेआठ तासांच्या फरकानं पुन्हा जवळ आलेले.

म्हणजे आपल्याकडे अधिक मास येतो, तसा रानवळात महिना बेपत्ता होतो. मी त्याला लोपमास म्हणतो. आपल्या पंचांगातही क्षयमास आहे, पण तो फारच दुर्मिळ. अलीकडचा शके १९०४ मध्ये, म्हणजे १९८२-८३ साली आला होता. रानवळात तो दर नऊ वर्षांत दोनदा येतो, त्यामुळे प्रत्येक माणसाच्या आयुष्यात तो अनेकदा येऊन जातो.

आता आकडे बाजूला ठेवून प्रश्न विचारत सुटा. कोणता महिना गाळायचा, हे कोण ठरवतं? नेहमी एकच गाळला जातो की पुजारी कौल लावतात? गाळलेल्या महिन्यात जन्मलेल्या पोराचा वाढदिवस त्या वर्षी कधी? त्या महिन्यात ज्यांचे पितर जेवतात त्यांचं काय? त्या महिन्यातल्या देवाची यात्रा चुकली तर पुजाऱ्याचं उत्पन्न बुडतं, म्हणजे तो आपला महिना वाचवायला काय काय करील? आपल्याकडे अधिक मासाला मलमास म्हणून नावं ठेवली आणि मग त्यालाच पुरुषोत्तम मास म्हणून मानही दिला. जावयाला अनारशांचं वाण त्याच महिन्यात. उरलेल्या दिवसांना लोक रिकामं ठेवत नाहीत, त्यांना रीत चिकटतेच. तुमच्या जगातही चिकटू द्या.

पैसा तर नक्की चिकटतो. रानवळातला सालगडी पाडव्याला लागतो आणि पाडव्याला सुटतो. लोपवर्षात त्याचं साल ३६९ दिवसांत भरतं. मालकाला ते कसं रुचेल?

"धाकले मालक, साल भरलं की माझं. हिशेब करा."

"कसं भरलं, मामा? माथेगडाच्या मोजणीनं अजून बावीस दिवस ऱ्हायलेत."

"मागच्या चार सालात दर साली सहा-सहा दिस जास्त राबलो. तवा माथेगड आठवला न्हाई की तुमास्नी."

दोघांचंही गणित बरोबर आहे. चार साध्या वर्षांत गड्यानं सूर्यवर्षापेक्षा २५ दिवस जास्त दिले आणि आता त्याला २२ परत मिळतायत. पंचांगावरून उठलेलं असं भांडण तुम्हाला सापडलं की समजा, बाकीचं गणित ठीक बसलंय. ते सापडेपर्यंत पुढच्या पायरीवर जाऊ नका.

एक शेवटचं टोक राहिलं: ते ०.३५ दिवस. नऊ वर्षांत एवढा फरक म्हणजे साधारण २६ वर्षांत एक दिवस. पंचांग सूर्यापेक्षा लांब आहे, म्हणून सण ऋतूच्या मानानं एका पिढीला एक दिवस उशिरा येत जातात. दहा पिढ्यांनी पेरणीचा सण पेरणी होऊन गेल्यावर दहा दिवसांनी येतो. आपल्या जगाचा इतिहास हजार वर्षांचा असेल तर हे तुम्हाला सोडवावंच लागेल. युरोपात अशीच चूक साचली होती, तेव्हा १५८२ मध्ये ४ ऑक्टोबरच्या दुसऱ्या दिवशी १५ ऑक्टोबर धरला. इंग्लंडनं ते मानायला १७५२ साल उजाडलं. मधल्या काळात इंग्लिश खाडीच्या दोन बाजूंना दोन तारखा होत्या. असा 'दुरुस्ती'चा क्षण कथेला आयता मिळतो: कुणी दिवस खाल्ले, कुणाचे खाल्ले, आणि त्या दिवसांचं भाडं कुणी भरलं.

चौथी पायरी: राज्याची मोजणी

राज्याला चंद्राशी कर्तव्य नसतं. त्याला धान्य घरात आल्यावर वसुली करायची असते. हिजरी वर्ष ३५४-५५ दिवसांचं. त्यामुळे ३३ सूर्यवर्षांत साधारण ३४ हिजरी वर्षं भरतात, म्हणजे पीक ३३ वेळा आणि सारा ३४ वेळा. मुघलांनी पिकावर चालणारा फसली सन काढला तो याच अडचणीतून. दख्खनच्या कागदपत्रांत शुहूर सन दिसतो, तो सूर्य मृग नक्षत्रात गेला की बदलतो, म्हणून त्याला मृगसालही म्हणत. महसुलाचं वर्ष पावसाबरोबर उघडतं, यापेक्षा शहाणी सोय कोणती?

माथेगडाचं पंचांग मी असं मांडलं: ३० दिवसांचे तेरा महिने, म्हणजे ३९०. वर एक सुटा दिवस, तो कोणत्याच महिन्यात नाही. दर चौथ्या वर्षी असे दोन सुटे दिवस. चार वर्षांचे १५६५ दिवस, सरासरी बरोबर ३९१.२५. महिन्यांना नावं नाहीत, फक्त आकडे, कारण ती कचेरीची मोजणी आहे. सुट्या दिवशी कर्ज फेडता येत नाही, साक्ष होत नाही, लग्न लागत नाही. माथेगडाच्या कायद्यात तो दिवसच नाही. मग त्या दिवशी केलेला गुन्हा कोणत्या तारखेला नोंदवायचा? एवढ्या प्रश्नावर एक अख्खी कथा उभी राहते.

दिवस सुरू कधी होतो हेही याच पायरीवर ठरवा. आपलं पंचांग सूर्योदयापासून दिवस धरतं, इस्लामी परंपरेत सूर्यास्तापासून, कचेरी मध्यरात्रीपासून. पहाटे तीनला मेलेला माणूस काल गेला की आज, यावर तेराव्याचा दिवस बदलतो. रानवळात दिवस सूर्योदयाला सुरू होतो, माथेगडात सूर्यास्ताला, असं ठेवलं तर प्रत्येक रात्र दोन तारखांची होते आणि करारनाम्यात रात्रीचा उल्लेख आला की वकील खूश.

पाचवी पायरी: वार आणि बाजार

वाराला आकाशात आधार लागत नाही. तो माणसांनी आपापसांत ठरवलेला असतो, म्हणूनच तो सगळ्यात चिवट. राज्यं बदलतात, शक बदलतात, वार ढळत नाही. बेळगावात रविवार पेठ आणि शनिवार खूट ही ठिकाणं आहेतच. शहराच्या अंगावर वार असे नावानं बसलेले असतात. फ्रान्सच्या क्रांतिकारकांनी १७९३ मध्ये दहा दिवसांचा आठवडा आणला, महिन्यांची नवी नावं आणली. १८०५ संपताना ते सगळं गुंडाळावं लागलं. सातव्या दिवसाच्या सुटीऐवजी दहाव्या दिवसाची सुटी कुणाला आवडेल?

तुमच्या जगात वारांची संख्या बाजारावरून ठरवा. रानवळात एका दिवसाच्या चालीवर पाच मोठी गावं आहेत आणि व्यापारी आळीपाळीनं पाचही करतात, म्हणून तिथला आठवडा पाच दिवसांचा. वारांना नावं गावांचीच. माथेगडाच्या सैन्याची पाळी सहा दिवसांची, म्हणून तिथं सहा वार आणि सहावा सुटीचा. पाच आणि सहा एकमेकांना भागत नाहीत, त्यामुळे ठरावीक गावचा बाजार आणि सैनिकांची सुटी तीस दिवसांतून एकदाच एका दिवशी येतात. त्या दिवशी त्या गावात गर्दी, दारू, मारामारी, आणि फौजदाराची झोप उडालेली. शिवाय माथेगड सुट्या दिवशी वार मोजत नाही, रानवळ मोजतं. म्हणजे महिन्यातल्या ठरलेल्या तारखेची सुटी दरवर्षी दुसऱ्या गावच्या बाजाराशी जुळते. यंदा कोणत्या सुटीला आपल्या नशिबी सैनिक आहेत हे गावकऱ्यांना तोंडपाठ असणार.

सीमाभागातल्या गावांकडून आणखी एक गोष्ट घ्या: वार पाळणूक. पंच मंडळी ठरवतात की यात्रेआधी अमुक इतके मंगळवार किंवा शुक्रवार पाळायचे. त्या दिवशी शेतात औत जात नाही, कामं बंद. हे कोणत्याही छापील पंचांगात नसतं, गावात दवंडीनं किंवा आता मोबाइलवर कळतं. गावचा महालक्ष्मी यात्रोत्सवही तसाच. कुठं पाच वर्षांनी, कुठं बारा वर्षांनी, कुठं कित्येक वर्षांच्या खंडानंतर गाव एकत्र बसून ठरवतं. आकाशानं न ठरवलेल्या, माणसांनी बैठकीत ठरवलेल्या अशा तारखा तुमच्या जगात असू द्या. परगावचा माणूस त्या दिवशी नांगर घेऊन शेतात गेला तर काय होतं, हे लिहून बघा.

सहावी पायरी: सण

सणांची यादी करू नका. सणांची जात ठरवा. काही चंद्राला बांधलेले, काही सूर्याला, काही वाराला, काही पिकाला, काही पंचांच्या निर्णयाला. सौंदत्तीच्या यल्लम्मा डोंगरावर माघी पौर्णिमेला भारत हुण्णिमेची गर्दी लोटते, ती पौर्णिमेला बांधलेली आहे. संक्रांत सूर्याला बांधलेली, म्हणून ती १४-१५ जानेवारीला ठरलेली. जातीप्रमाणे सण कसा सरकतो हे आपोआप ठरतं आणि तुम्हाला प्रत्येक वर्षी नव्यानं डोकं खाजवावं लागत नाही.

दोन तारखांचा एकच सण मात्र हौसेनं रचा. शिवजयंती महाराष्ट्र शासन १९ फेब्रुवारीला करतं, कुणी फाल्गुन वद्य तृतीया धरतं, आणि बेळगावातली चित्ररथांची मोठी मिरवणूक वैशाखातल्या शिवजयंतीची. राजा एकच, प्रेम तेवढंच, पण कुणी कोणती तारीख धरली त्यावरून तो कुठला हे कळतं. उलट बाजूनं १ नोव्हेंबर घ्या. राज्य पुनर्रचनेच्या त्या तारखेला कर्नाटकात राज्योत्सव असतो आणि सीमाभागातले मराठी भाषक काळा दिन पाळतात. एकाच तारखेला एका रस्त्यावर दोन मनं. रानवळ माथेगडाच्या ताब्यात गेलं तो दिवस माथेगडाच्या पंचांगात विजयदिन आहे. रानवळची म्हातारी माणसं तो चंद्राच्या तिथीनं पाळतात, त्यामुळे तो माथेगडाच्या तारखेशी क्वचितच जुळतो. ज्या वर्षी दोन्ही एकाच दिवशी येतात, त्या वर्षी माझी कादंबरी सुरू होते.

पंचांगकर्त्यांचे मतभेदही विसरू नका. टिळक पंचांग पाळणाऱ्या घरांत काही वर्षी अधिक महिना वेगळा पडतो आणि त्यांचे गणपती इतरांपेक्षा महिनाभर अलीकडे-पलीकडे बसतात. एका गल्लीत, एका जातीत, एका घराण्यातही हे होतं. रानवळात लोपमास कोणता, यावर दोन मठांचं एकमत नसेल तर नवऱ्याकडचा सण आणि माहेरचा सण एका महिन्याच्या अंतरानं येतील. सासुरवाशिणीला मग दोनदा माहेर मिळेल किंवा एकदाही नाही.

सातवी पायरी: सन

शून्य वर्ष कोणतं, हा प्रश्न सत्तेचा आहे. शालिवाहन शक इसवी सन ७८ पासून मोजतात आणि तो मराठी-कन्नड दोन्ही घरांत चालतो. कल्याणीच्या चालुक्य सहाव्या विक्रमादित्यानं १०७६ मध्ये तो बाजूला सारून आपला चालुक्य-विक्रम काल सुरू केला, उत्तर कर्नाटकातल्या शिलालेखांत त्याची वर्षं सापडतात. शिवाजी महाराजांनी १६७४ मध्ये राज्याभिषेक शक सुरू केला. हे दोन्ही पुढं मागं पडले आणि जुना शक टिकून राहिला. तुमच्या जगात राजाचा सन कागदावर आणि जुना सन लोकांच्या तोंडी, असं ठेवलं तर ते खरं वाटेल.

सामान्य माणूस तर सनानं मोजतच नाही. तो म्हणतो, प्लेगच्या साली, बहात्तरच्या दुष्काळात, आमच्या गावच्या यात्रेच्या आदल्या वर्षी. रानवळात लोक लोपवर्षांवरून वय सांगतात. 'सहा लोप बघितले मी' म्हणजे साधारण सत्तावीस वर्षांचा माणूस. वर्षांचा आकडा देण्यापेक्षा हे शंभरपट चांगलं.

आठवी पायरी: नावं

ही शेवटी ठेवली ते मुद्दाम. आता कामं, पाऊस, सण सगळं ठरलंय, तर नावं त्यातूनच येतील. चौदा महिन्यांपैकी पाच-सहांनाच ठसठशीत नावं द्या: धूळवाफ, चिखलणी, तरणसर, मळणी, रितेमास. बाकीचे 'मळणीनंतरचा', 'धूळवाफेच्या आधीचा' असे बोलण्यात आले तरी भागतं. नावं तोंडात झिजू द्या. पुस्तकात मृगशीर्ष असलं तरी शेतात मिरगच असतो. पुजारी पूर्ण नाव उच्चारील, गाडीवान अर्धं.

नववी पायरी: अहर्गण

एवढं सगळं डोक्यात ठेवता येत नाही, आणि वाचक पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशी काळोखी रात्र पकडतोच. उपाय जुना आणि आपलाच आहे. भारतीय ज्योतिषी ठरलेल्या आरंभापासून आजवर किती दिवस गेले तो आकडा काढत, त्याला अहर्गण म्हणत, आणि ग्रहगणित त्यावरून करत. हा आकडा फार मोठा होतो म्हणून नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी १५२० च्या सुमारास ११ वर्षांची चक्रं पाडून तो आटोक्यात आणला.

तुम्ही संगणकावरच्या तक्त्यात एक रकाना अहर्गणाचा करा. कथेतली प्रत्येक घटना फक्त या आकड्यानं नोंदवा. तारखा दोन्ही पंचांगांत त्यावरून काढा. तारखेवरून तारीख कधीही काढू नका, तिथंच घोळ होतो.

उदाहरणासाठी अहर्गण १०,००० घेऊ. दोन्ही पंचांगं एकाच दिवशी सुरू झाली असं धरू, आणि त्या आरंभदिवसाचा आकडा शून्य. माथेगडासाठी १५६५ ने भागा: ६ वेळा जातं, म्हणजे २४ वर्षं, उरले ६१०. त्यातून एका वर्षाचे ३९१ वजा केले, उरले २१९. पंचवीस वर्षं भरली, सव्विसावं चालू. २१९ ला ३० ने भागलं, सात महिने आणि नऊ दिवस. तारीख: सव्विसाव्या वर्षाच्या आठव्या महिन्याचा दहावा दिवस.

रानवळासाठी २८.४ ने भागा: ३५२ महिने पूर्ण, वर ३.२ दिवस, म्हणजे चंद्राचा चौथा दिवस. संध्याकाळी पश्चिमेला कोर दिसेल, रात्र लवकर अंधारेल. आता ३५२ महिन्यांतून नऊ वर्षांची दोन चक्रं, २४८ महिने, काढा. उरले १०४. पुढच्या वर्षांचे महिने १४, १४, १४, १४, १३, १४, १४ असे जोडत गेलं की सात वर्षांत ९७ होतात, बाकी सात. म्हणजे अठरा अधिक सात, पंचवीस वर्षं पूर्ण, सव्विसाव्या वर्षाचा आठवा महिना. दोन्हीकडे वर्ष सव्विसावं, महिना आठवा, पण माथेगडाची तारीख दहा आणि रानवळची चार.

तक्त्यात अहर्गणाच्या शेजारी आणखी चार रकाने पुरतात: चंद्र किती दिवसांचा, रानवळचा वार, माथेगडाचा वार, आणि शेतात त्या दिवशी काय काम चालू आहे. रानवळचा वार अहर्गणाला पाचनं भागून उरलेल्या बाकीवरून थेट मिळतो. माथेगडाच्या वाराला हा उपाय चालत नाही, कारण सुटे दिवस मोजणीबाहेर आहेत. तिथं महिन्यातल्या दिवसाला सहानं भागा, तीस दिवसांत पाच आठवडे नेमके बसतात. शेवटचा रकाना हातानं भरावा लागतो, आणि तो आळस करून रिकामा सोडू नका. प्रसंग लिहायला बसण्याआधी ती ओळ वाचा. चंद्र चौथ्या दिवसाचा असेल तर पळून जाणाऱ्या माणसाला अंधार मिळेल, आणि रानात चिखलणी चालू असेल तर त्याच्या पायांचे ठसे सकाळी सगळ्या गावाला दिसतील.